पोटातला गोळा

२६ फेब्रुवारी, सोमवार

आज गोळू वळला नाही.

नवी वही आहे, म्हणून नीट सुरुवात करतो. गोळू म्हणजे आमचा मुलगा. त्याला दहावा महिना चालू आहे. स्वतःच्या वहीत स्वतःच्याच मुलाची ओळख कशाला, असं ही म्हणेल. पण अर्धवट माहिती लिहिलेली मला चालत नाही. ही म्हणजे बायको. आम्ही दोघं एकाच कारखान्यातले, कपबश्यांच्या. ती कपांना सोनेरी कडा काढायची, गोळू झाल्यापासून घरी असते. मी तपासणीच्या टेबलावर. कप बोटांच्या टोकांवर घ्यायचा, लाकडी काडीने ठोकायचा आणि ऐकायचं. खणखणीत वाजला तर पुढे. बद्द वाजला तर त्यात कुठेतरी तडा आहे, डोळ्यांना दिसो न दिसो. या कामाला कान लागतात. मला ते आहेत.

तर संध्याकाळी शेजारीण तिच्या मुलीला घेऊन आली. ती आमच्या गोळूहून लहानच आहे. दोघांना सतरंजीवर ठेवलं. शेजारणीने सहज "चिऊ" म्हणून हाक मारली आणि पोरगी गर्रकन वळून हसली. मग मी हाक मारली, "गोळू!" तो कपडे धुवायच्या मशिनच्या गोल काचेकडे बघत होता. आत कपडे फिरत होते. पुन्हा हाक मारली. हिने मारली. शेजारणीने टाळ्या वाजवल्या. तो बघतच राहिला. शेजारीण म्हणाली, "तंद्री लागलीय साहेबांची," आणि विषय बदलला. ज्या घाईने तिने विषय बदलला त्याने माझ्या पोटात गोळा आला.

हिला दिवस होते तेव्हा शेजारच्या टेबलावरचा भोंगा मला चिडवायचा. त्याचा आवाज कारखान्याच्या भोंग्याला भारी, म्हणून तो भोंगा. म्हणायचा, "वहिनींच्या पोटात एक गोळा आणि भीतीने तुमच्या पोटात दुसरा. बघू या आधी कोण बाळंत होतं." त्यावरून मुलाचं नाव गोळू पडलं. ही बाळंत झाली. माझा गोळा होता तिथेच आहे.

२८ फेब्रुवारी, बुधवार

कान तपासले. कारखान्यातून एक चांगला कप आणि काडी आणली. गोळू पाठमोरा बसलेला असताना हळूच ठोकला.

वळला! नुसता वळला नाही, रांगत माझ्यापर्यंत आला आणि कपाला गाल लावून बसला. पुन्हा ठोकला तर हसला, अगदी मोठ्याने. म्हणजे कान ठणठणीत. तपासणी झाली म्हणून कप आणि काडी कपाटात वरच्या फळीवर ठेवून दिली. तो कपाटापाशी बसून बराच वेळ रडला.

हायसं वाटलं ते हात धुऊन होईपर्यंतच टिकलं. ऐकू येतं, तर मग हाकेला का वळत नाही? कानात दोष असता तर कानात बसवायचं यंत्र तरी असतं. हा दोष कुठे आहे आणि तिथे काय बसवायचं?

३ मार्च, रविवार

आई आली होती. ती शहराच्या दुसऱ्या टोकाला राहते, रविवारी येते. सगळं ऐकून घेतलं आणि आम्हालाच झापलं. "तू गोळू म्हणतोस, ही राजा म्हणते, मी सोन्या म्हणते. पोराने वळायचं तरी कुठल्या नावाला? आधी तुमचं ठरवा."

आजपासून सगळ्यांनी फक्त गोळू म्हणायचं ठरलं. पटण्यासारखं होतं. आई पुढे म्हणाली, "आणि मुलगे उशिराच लागतात मार्गाला. हा चार वर्षांचा होईपर्यंत तोंड उघडायचा नाही. उघडलंन् ते आजतागायत मिटलेलं नाही." ही हसली. विषय गोळूचा चालला होता, पण आईला विषयांतराची सवयच आहे.

१९ मार्च, मंगळवार

एकच नाव ठेवूनही वळत नाही. दवाखान्यात विचारलं. डॉक्टर म्हणाले, घाबरू नका, बोटाने दाखवतो का, नजर देतो का ते बघत राहा, वर्षाचा झाल्यावरही हीच तक्रार राहिली तर पुढे पाठवतो. घाबरू नका असं डॉक्टर ज्या स्वरात म्हणतात त्या स्वरानेच माणूस घाबरतो.

घरी येऊन फोनवर वाचत बसलो. ऑटिझम. मराठीत स्वमग्नता म्हणतात. शब्द तसा देखणा आहे, पण खाली यादी होती. हाकेला न वळणं, नजर न देणं, बोटाने न दाखवणं, फिरत्या वस्तूंकडे तासन्‌तास बघणं. आमच्याच घरात बसून कुणी लिहिल्यासारखं होतं. आणि एक गोष्ट सगळीकडे: याची सुरुवात जन्माच्या आधीच होते, पोटात मेंदू घडत असताना.

आमच्या धंद्यात तडा सापडला की पुढचा प्रश्न एकच, मातीतला की भट्टीतला? तडा बघून कळतं ते. कड गुळगुळीत असेल, काचेसारखी झिलई आत ओघळलेली असेल, तर तो आधीचाच, मातीतला. कड धारदार असेल तर नंतरचा, भट्टी थंड होतानाचा. मग ज्या खात्याची चूक त्यांना कळवायचं. गोळूचंही शोधून काढता आलं पाहिजे. कारण कळलं की माणूस निम्मा मोकळा होतो.

१० एप्रिल, बुधवार

हिला विचारायला सुरुवात केली आहे. जेवण झाल्यावर थोडं थोडं विचारतो, म्हणजे तिला त्रास नको. चौथ्या महिन्यात ताप आला होता तो किती होता? गोळी कुठली घेतलीस? सोनेरी पाण्याचा वास डोक्यात जायचा म्हणायचीस, तर खिडकीजवळची जागा का मागून घेतली नाहीस?

ही सगळ्याची उत्तरं देते. स्मरणशक्ती फार चांगली आहे. आज उत्तरं देऊन झाल्यावर तिने एकच पातेलं बराच वेळ घासलं. पातेल्याला काही चिकटलेलं नव्हतं.

१४ एप्रिल, रविवार

बाजारातून आलो तर ही पलंगावर बसून जुना कामाचा ॲप्रन नाकाशी धरून होती. "अजून येतो वास," म्हणाली. मला तिचं कौतुक वाटलं. तीही माझ्याइतक्याच चिकाटीने शोध घेतेय. मी विचारलं, "कितव्या महिन्यापर्यंत घालत होतीस?"

तिने ॲप्रन गुंडाळून कचऱ्यात टाकला. तसा चांगला होता, फक्त खिशापाशी सोनेरी ठिपके होते.

४ मे, शनिवार

गोळू वर्षाचा झाला. आई आली, हिची ताई आली, शेजारीण चिऊला घेऊन आली. सगळ्यांनी एकदम टाळ्या वाजवल्या आणि तो कानांवर हात ठेवून असा किंचाळला की चिऊही रडायला लागली. मला त्याचं बरोबर वाटलं. एवढ्याशा खोलीत एवढी माणसं! मीही थोडा वेळ जिन्यात जाऊन उभा राहिलो.

ताईने आणलेला शर्ट घातल्यावर मान चोळून चोळून रडायला लागला. दात येत असतील, पोट दुखत असेल, सगळ्यांचे तर्क सुरू. मी कॉलरच्या आतली कापडी पट्टी कात्रीने काढली. लगेच गप्प. ताई म्हणाली, "तुम्हाला कसं कळलं?" त्यात कळायचं काय? ती पट्टी सगळ्यांनाच टोचते. माझ्या शर्टांच्या पट्ट्या ही लग्न झाल्यापासून कापत आलीय.

पण चिऊ दिव्याकडे बोट करून "ता, ता" म्हणत होती आणि मग वळून आईचा चेहरा बघत होती, आईने पाहिलं का म्हणून. गोळू दिव्याकडे बघतो, आमच्याकडे बघत नाही. दिवा त्याचा एकट्याचाच असतो. मला हेवा वाटला त्या मुलीच्या बोटाचा, आणि भीतीही वाटली.

१२ जून, बुधवार

भोंग्याने विचारलं, "हल्ली बाहेर मातीच्या पोत्यांपाशी का जेवता?" हल्ली नाही, मी नेहमीच तिथे जेवतो. आत सगळ्या कारखान्याचे चमचे एकदम वाजतात. डब्यात भात आणि उकडलेलं अंडं, तेही नेहमीचंच. रोज वेगळं खाऊन लोक काय मिळवतात?

तो शेजारी बसला तेव्हा सगळं सांगून टाकलं. घराबाहेर पहिल्यांदाच. तो मध्येच म्हणाला, "अहो, एवढं जिवाभावाचं सांगताय तर माझ्याकडे बघून सांगा की. त्या पोत्याला काय कळणार?" हसायला लागला. मग माझ्याकडे नीट बघितलंन् आणि एकदम गप्प झाला. भोंगा गप्प बसलेला मी आजवर पाहिला नव्हता. मला वाटलं, याच्याही मते गोळूचं काही खरं नाही.

७ जुलै, रविवार

एप्रिलमध्ये टाटा करायचा. आता करत नाही. "प" म्हणायचा, तेही बंद झालं. नसलेलं येत नाही हे एक वेळ सोसता येतं. आलेलं परत जातंय.

डॉक्टरांनी मुलांच्या वाढीच्या तज्ज्ञ बाईंकडे पाठवलंय. तारीख सप्टेंबरची मिळाली. तोवर आणखी काय काय जाईल? आज पुढे लिहवत नाही.

१८ ऑगस्ट, रविवार

जेवताना मला आठवलं की ही एकदा कपांचा ट्रे उचलताना पाय घसरून खाली बसली होती. हे इतके दिवस सुटलंच होतं. "तो कितवा महिना होता?" मी विचारलं.

आई म्हणाली, "अरे, पुरे आता."

ही ताटाकडे बघत म्हणाली, "म्हणजे जे काही बिघडलं ते माझ्याच पोटात बिघडलं. असंच ना?"

मी म्हटलं, "हो. सगळीकडे तसंच दिलंय."

मी खरं तेच सांगितलं. दुसऱ्या कुणाच्या पोटात बिघडणार? आईने कपाळाला हात लावला. ही उठली, गोळूचं तोंड पुसलं, त्याला कडेवर घेतलं आणि आतल्या खोलीच्या दारात थांबून म्हणाली, "सहावा. सहावा महिना होता."

१९ ऑगस्ट, सोमवार

कामावरून आलो तर घर रिकामं. फोनवर हिचा निरोप: ताईकडे जातेय, तारखेला परस्पर दवाखान्यात येईन. परत कधी येणार ते नाही.

आईला फोन करून विचारलं, ताईकडच्या खोल्या मोठ्या आहेत, म्हणून गेली असेल का? आई म्हणाली, "तुला खरंच कळत नाही का रे?" मी म्हटलं, नाही. तिने फोन ठेवला.

घरात कुठलाच आवाज नाही. मला शांतता आवडते असा माझा समज होता. ही शांतता अंगावर येते. शेवटी दोन शर्ट टाकून मशिन लावलं आणि समोर बसलो. कपडे वर जातात, खाली पडतात, पुन्हा वर जातात. बघता बघता छातीतली धडधड जरा कमी झाली. गोळूची बसायची जागा तशी बरोबर आहे, तिथून काच पूर्ण दिसते.

२२ ऑगस्ट, गुरुवार

आज जे झालं ते माझ्या हातून कधी झालं नव्हतं. सकाळपासून एकही कप खणखणीत वाजेना. घ्यावा तो बद्द. भट्टी बिघडली म्हणून मी अख्खी खेप नाकारली, भट्टीवाल्यांना बोलावून घेतलं, आवाज चढवला. मी आवाज चढवत नाही कधी. भोंगा आला, माझ्या हातातलाच कप घेतला, बोटांवर ठेवून ठोकला. खणखणीत. दुसरा घेतला. खणखणीत.

"मुठीत आवळून ठोकताय," तो म्हणाला. "असा तर माझा बापही बद्द वाजेल."

सगळे खो खो हसले. कप दाबून धरला की नाद मरतो, हे कामाच्या पहिल्या दिवशी शिकवतात. मीच कितीजणांना शिकवलंय. 

जेवायच्या सुट्टीत त्याने मला पोत्यांपाशी गाठलं आणि घरचं सगळं काढून घेतलं. हिचं वाक्य आणि माझं उत्तर ऐकल्यावर त्याने डोळे मिटले.

"अहो, तो प्रश्न नव्हता."

"शेवटी 'ना' होतं."

"असेल. पण तो प्रश्न नव्हता. तिला 'नाही' ऐकायचं होतं."

"पण 'नाही' हे उत्तर चूक झालं असतं."

"साहेब," तो इतक्या हळू आवाजात म्हणाला की मला पुढे वाकावं लागलं, "ती बाई महिनोन्‌महिने स्वतःला गुन्हेगार समजतेय. आणि तुम्ही रोज पोटभर जेवून तिची उलटतपासणी घेताय."

पातेलं. ॲप्रन. सगळं मीच या वहीत लिहून ठेवलंय, माझ्याच अक्षरात, आणि मला त्यातलं काही कळलं नव्हतं. मी मागची पानं चाळली आणि मला स्वतःची लाज वाटली. आतापर्यंत एकच भीती होती, गोळू वळणार नाही याची. आता ही वळणार नाही याची दुसरी.

२४ ऑगस्ट, शनिवार

ताईकडे गेलो. वाटेत एक वाक्य पाठ केलं होतं, "तू काही केलं नाहीस." दार उघडल्याबरोबर म्हणून टाकलं. दार ताईने उघडलं होतं.

"मी कशाला काय करीन?" ताई म्हणाली. "ती आत आहे. की आधी माझीही तपासणी करायचीय?"

आत जाऊन पुन्हा म्हटलं. ही गोळूचे कपडे घडी करत होती. "मग कुणी केलं?" तिने विचारलं.

"हा प्रश्न आहे का?" मी विचारलं. विचारून घेतलेलं बरं.

ती माझ्याकडे बघत राहिली. "हो. हा प्रश्न आहे."

"मला माहीत नाही."

तिने हातातला कपडा खाली ठेवला. "एवढंच आधी म्हणाला असतास तर," असं काहीतरी म्हणाली आणि रडायला लागली. मला अशा वेळी काय करतात ते कळत नाही. मी उरलेल्या कपड्यांच्या घड्या घातल्या. ती म्हणाली, तारखेपर्यंत इथेच राहते. मी हो म्हटलं. हे 'हो' बरोबर होतं की नाही, वाटभर विचार करत आलो.

गोळूने माझं बोट धरून मला पंख्याच्या बटणापाशी नेलं. चेहऱ्याकडे पाहिलं नाही. पण ताई जवळ उभी असताना बोट माझं धरलं.

१७ सप्टेंबर, मंगळवार

तारीख झाली. जसं घडलं तसं लिहितो.

तज्ज्ञ बाई खाली सतरंजीवरच बसल्या. गोळूसमोर साबणाचे फुगे उडवले आणि थांबल्या. तो "अजून" म्हणून त्यांच्याकडे बघतो का ते त्यांना बघायचं होतं. त्याने त्यांचा हात धरून फुग्यांच्या बाटलीवर ठेवला. बाईंनी हाका मारल्या. खेळणं रुमालाखाली लपवलं. बोटाने खिडकी दाखवली तर तो बोटाकडेच बघत राहिला.  मग बाई उठून खुर्चीत बसल्या. खाली बसलेलं माणूस खुर्चीत येऊन बसलं की काहीतरी वाईट सांगणार, हे मला कसं कोण जाणे कळलं.

"खुणा आहेत," त्या म्हणाल्या. "ऑटिझमच्या. वय लहान आहे, थोड्या महिन्यांनी पुन्हा नीट बघू. पण त्याच्याशी कसं खेळायचं, कसं बोलायचं, ते शिकायला आजपासून लागायचं. वाट बघत बसायचं नाही."

ही म्हणाली, "मी कडा रंगवायचे. वास यायचा. ताप आला होता. सहाव्या महिन्यात पडले." एका दमात. माझेच प्रश्न, क्रमाने.

बाई म्हणाल्या, "मुळं जन्माआधीची असतात हे खरं. पण त्यातलं बरंचसं दोन्ही घरांकडून आलेलं असतं, नाकडोळे येतात तसं. बाकीचं काय, ते अजून कुणालाच नीट सांगता येत नाही. हे एक कारण, असं बोट ठेवता येत नाही. तुमच्यावर तर नाहीच नाही."

 हिचे खांदे खाली आले. इतके दिवस ते वर होते हे मला तेव्हा दिसलं.

मग बाईंनी विचारलं, "घरात आणखी कुणी असं आहे? उशिरा बोललेलं, आवाज सहन न होणारं, आपल्याच तालात असणारं?"

मी लगेच म्हटलं, "नाही. कुणीच नाही."

ही हसली. आधी तोंडावर हात ठेवून, मग हात काढून, मग डोळ्यांतून पाणी येईपर्यंत.  काय झालं म्हणून विचारलं तर तिला बोलता येईना, तिने नुसतं टेबलाकडे बोट केलं. टेबलावर मुलांसाठी रंगीत पेले होते. मी ते मोठ्यापासून लहानापर्यंत ओळीत लावले होते आणि पेन्सिलीने एकेक ठोकून बघत होतो. केव्हापासून, देव जाणे. प्लास्टिकचे होते, सगळेच बद्द. गोळू माझ्या गुडघ्याला टेकून उभा राहून ऐकत होता.

"तुम्ही कधी बोलायला लागलात?" बाईंनी मला विचारलं.

"ते माझं मला कसं आठवणार?"

"चार वर्षांचा असताना," ही म्हणाली. "आणि याच्या शर्टांच्या पट्ट्या मी कापते."

 मला एकदम सगळं ऐकू यायला लागलं, बाहेरचं दार, कुणाचा तरी खोकला, दिव्याची गुणगुण. "म्हणजे ही खोट माझी?" मी विचारलं.

"तुम्हाला काय आहे ते इतक्यात सांगता यायचं नाही," बाई म्हणाल्या. "पण खोट हा शब्द कुणी काढला?"

मीच काढला होता.

बाहेर आलो. सहा महिने मी हिच्या पोटात तडा शोधत होतो, आणि माती माझी निघाली. रस्ता ओलांडताना हिने माझं मनगट धरलं. आवळून नाही, बोटांनी नुसतं. "चल घरी," म्हणाली.

२२ सप्टेंबर, रविवार

आईला विचारलं, मी हाकेला वळायचो का?

आईने साडीचा काठ नीट केला. "नाही रे," म्हणाली. "हाका मारून मारून घसा बसायचा माझा. लोक म्हणायचे बहिरा आहे, तुझे बाबा म्हणायचे हट्टी आहे. मग एकदा माझ्या हातातून डब्याचं झाकण पडलं आणि तू पलीकडच्या खोलीतून धावत आलास. त्या दिवसापासून मी हाक मारणंच सोडलं. चमच्याने ताटली वाजवायची. तू यायचास, मांडीवर बसायचास, माझा हात धरून पुन्हा ताटलीवर ठेवायचास. मग कधीतरी नावालाही यायला लागलास. कधी ते नाही आठवत."

"तुला भीती नाही वाटली?"

"वाटली की. अजून वाटते. मघाशी तू जिना उतरलास तेव्हाही वाटली."

"मग मला कधी सांगितलं का नाहीस?"

"मार्चपासून सांगतेय," आई म्हणाली. "तू विषयांतर म्हणतोस."

मी उठून कपाटाची वरची फळी बघितली. कप आणि काडी तिथेच होती. फेब्रुवारीत मी तो ठोकला होता, आणि तो वळला होता. रांगत माझ्यापर्यंत आला होता, हसला होता, पुन्हा वाजव म्हणून रडला होता. मी लिहिलंय ते, सगळं. आणि तपासणी झाली म्हणून कप उचलून ठेवला होता.

६ ऑक्टोबर, रविवार

बाईंनी शिकवल्याप्रमाणे चाललंय. आधी त्याच्यासमोर खाली बसायचं. कप ठोकायचा, तो आला की मग नाव घ्यायचं, कपाच्या पाठोपाठ. कप, गोळू. कप, गोळू. एखाद्या दिवशी जमतं, एखाद्या दिवशी तो येतो, कप घेतो आणि पाठ फिरवून निघून जातो. बोट अजून करत नाही. "प" परत आलेला नाही. बाई म्हणतात, किती येईल आणि कधी, ते आत्ता कुणी सांगितलं तर त्याच्यावर विश्वास ठेवू नका.

भीती गेली असं लिहिलं तर खोटं होईल. आम्ही नसताना याला कप वाजवून कोण बोलावणार, हा विचार आला की हातातलं काम राहून जातं. भोंग्याला तसं म्हटलं. तो म्हणाला, "तुमच्या आईनेही हेच म्हटलं असेल. आणि बघा, तुम्हाला बोलवायला मी आहे की, अख्ख्या कारखान्याला ऐकू जाईल असा." मी या वेळी त्याच्या चेहऱ्याकडे बघून ऐकलं. जमेल तेवढं.

संध्याकाळी मी आणि गोळू मशिनसमोर बसलो होतो. त्याच्या शेजारून काच खरोखरच पूर्ण दिसते. चादरी होत्या आज, चादरी संथ फिरतात. ही स्वयंपाकघरातून जेवायला हाका मारत होती म्हणे. एकदा मारली, दोनदा मारली, मला त्यातलं काहीच माहीत नाही.

मग तिने चमचा घेऊन ताटलीवर वाजवला.

आम्ही दोघंही वळलो.